गेटच्या आत

७ जुलै १८९६ रोजी मुंबईतल्या वॉटसन हॉटेलात रुपयाचं तिकीट काढून आलेल्या मंडळींनी भारतातला पहिला सिनेमा पाहिला. ल्युमिएर बंधूंच्या प्रतिनिधीने त्या दिवशी सहा छोट्या फिती दाखवल्या. त्यातली स्टेशनात शिरणारी आगगाडी पुढे दंतकथा होऊन बसली. त्याच यादीत आणखी एक फीत होती, तिचं नाव ‘कारखाना सुटताना’. म्हणजे आपल्या देशात सिनेमाने पाऊल टाकलं त्याच दिवशी पडद्यावर कामगार आले होते.

ही फीत जेमतेम पन्नास सेकंदांची आहे. फ्रान्समधल्या लियों शहरातला ल्युमिएर यांचा स्वतःचा कारखाना. दार उघडतं आणि लांब झगे घातलेल्या, डोक्यावर टोप्या चढवलेल्या बायका घोळक्याने बाहेर पडतात. काही डावीकडे वळतात, काही उजवीकडे. मागून पुरुष येतात, एखादा सायकलवर. मध्येच एक कुत्रा धावतो. कॅमेऱ्याकडे फारसं कुणी बघत नाही, सगळ्यांना घरी जायची घाई. या फितीच्या तीन आवृत्त्या उपलब्ध आहेत. एकीत गाडीला एक घोडा, दुसरीत दोन, तिसरीत घोडाच नाही, अशी अभ्यासकांनी त्यांची खूण ठेवली आहे. म्हणजे कामगारांवरची पहिली फीतसुद्धा मालकाने पुन्हा पुन्हा काढून घेतली होती.

आत काय चालायचं? फोटोच्या काचांवर रसायनाचा लेप चढवायचा. उजेड लागला की काच वाया जाणार, त्यामुळे हे काम अंधारात करावं लागे. ज्या बायका दिवसभर अंधारात बसून प्रकाश टिपणाऱ्या काचा तयार करत, त्यांचं चित्र घेतलं गेलं ते काम संपल्यावर, रस्त्यावरच्या उन्हात.

पुढे १९९५ साली, त्या फितीच्या शताब्दीला, जर्मन चित्रकर्ता हारून फारोकी याने शंभर वर्षांतल्या सिनेमांतून कारखाना सुटण्याची दृश्यं गोळा केली आणि त्यांचाच एक चित्रनिबंध केला. त्याला दिसलं ते असं, की सिनेमाची गोष्ट बहुधा कामगार गेटबाहेर पडल्यावर सुरू होते. प्रेम, भांडण, संप, खून, सगळं गेटच्या अलीकडे. आतले आठ तास मात्र पडद्यावर क्वचितच येतात.

हे प्रकरण त्या आठ तासांबद्दल आहे. ते टिपायला कोण कोण आत गेलं, कुणाच्या परवानगीने गेलं आणि बाहेर काय घेऊन आलं, हे समजून घ्यायला पुण्याहून सोयीची जागा नाही. सिनेमा शिकवणारी देशातली मोठी संस्था इथे लॉ कॉलेज रस्त्यावर १९६० मध्ये प्रभातच्या जुन्या स्टुडिओत सुरू झाली. सिनेमा जपून ठेवणारं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ पासून इथलंच. आणि या दोन्ही संस्थांपासून तासाभराच्या अंतरावर पिंपरी आहे.

पिंपरीचं पेनिसिलिन

जानेवारी १९५५ मध्ये आवडीच्या अधिवेशनात काँग्रेसने ‘समाजवादी धर्तीच्या समाजरचने’चा ठराव केला. त्याच वर्षी पिंपरीत सरकारी कारखान्यातून पेनिसिलिन बाहेर पडू लागलं. कारखान्याचं नाव हिंदुस्तान अँटिबायोटिक्स. पिंपरीत आजही लोक त्याला नुसतं ‘एचए’ म्हणतात. एचए कॉलनी, एचए शाळा, एचए मैदान. कंपनीचं नाव पत्त्यात मुरलं की ती कंपनी गावाच्या आयुष्यात किती खोल गेली होती ते कळतं.

औषधं बनवणारा हा देशातला पहिला सरकारी कारखाना. १९५४ मध्ये त्याची कंपनी स्थापन झाली. जागतिक आरोग्य संघटनेने तज्ज्ञ आणि तंत्रज्ञान दिलं, युनिसेफने यंत्रसामग्री दिली. औषधं देशात आणि सरकारी मालकीत बनली पाहिजेत, हा आग्रह त्याआधी अनेक वर्षं धरणाऱ्यांत हाफकिन इन्स्टिट्यूटचे पहिले भारतीय संचालक मेजर जनरल साहिबसिंग सोखी हे मोठं नाव होतं. न्यूमोनियाने, जखम चिघळून, बाळंतपणातल्या तापाने माणसं मरत होती. त्यांना वाचवणारं औषध परदेशातून बोटीने येत होतं. त्या पार्श्वभूमीवर पिंपरीच्या माळावर कारखाना उभा राहणं म्हणजे काय, हे आज मेडिकलच्या दुकानातून स्ट्रिप घेऊन निघणाऱ्याला मुद्दाम सांगावं लागतं.

पिंपरीच्या संशोधकांनी पुढे स्वतःची प्रतिजैविकंही शोधली. डॉ. एम. जे. तिरुमलाचार आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी बुरशीजन्य रोगांवरचं हमायसिन शोधलं. ज्या सूक्ष्मजीवापासून ते मिळालं त्याचं शास्त्रीय नाव स्ट्रेप्टोमायसिस पिंपरिना. जीवशास्त्राच्या पुस्तकात पिंपरी या गावाचं नाव कायमचं नोंदलं गेलं, तेही इथल्या माणसांच्या कामामुळे.

आता कल्पना करा, १९५० च्या दशकातला एखादा चित्रकर्ता कॅमेरा घेऊन या कारखान्यात शिरला आहे. त्याला काय दिसेल?

पोलादाच्या कारखान्यात तो गेला असता तर त्याचं काम सोपं होतं. भट्टीचं तोंड उघडतं, लाल रस वाहतो, ठिणग्या उडतात, घामाने चमकणारी पाठ दिसते. कॅमेऱ्याला आग आवडते. पेनिसिलिनच्या कारखान्यात आग नाही. उंचच उंच बंद टाक्या आहेत आणि त्यांच्या पोटात बुरशी वाढते आहे. मक्याचा अर्क, साखर, खडू असं तिचं खाणं. टाकीत अखंड घुसळण चालू, खालून निर्जंतुक केलेली हवा अखंड सोडलेली, तापमान पंचविसाच्या आसपास धरून ठेवलेलं. हे चार-पाच दिवस चालतं. कामगार काय करतो? तो बघतो. काट्यावरचा दाब बघतो, तापमान बघतो, वहीत आकडा लिहितो, ठरल्या वेळी नमुना काढतो आणि प्रयोगशाळेत पोचवतो. पहिल्या पाळीचा माणूस दुसरीला वही देतो, दुसरी तिसरीला.

या बघण्यातच सगळं कौशल्य आहे. एखादी झडप नीट बसली नाही, हवेतून परका जंतू आत शिरला, तर काही जंतू पेनिसिलिन तयार होता होताच ते फोडून टाकतात. हजारो लिटरची टाकी गटारात सोडावी लागते. बॅच चांगली उतरली तरी धावपळ संपत नाही. बुरशी गाळून काढायची, उरलेला द्रव थंड करायचा, आम्ल घालायचं आणि लगेच द्रावकात ओढून घ्यायचं, कारण आम्लात पेनिसिलिन फार काळ तग धरत नाही. पुढे स्फटिक, वाळवण आणि शेवटी निर्जंतुक खोलीत बाटल्या भरणं. तिथला माणूस डोक्यापासून पायापर्यंत कपड्यात झाकलेला, तोंडावर पट्टी, दिसतात फक्त डोळे.

म्हणजे चित्रकर्त्यापुढे अडचण अशी: यंत्र बंद, चेहरा झाकलेला आणि काम म्हणजे जागरूक राहणं. जागरूकपणाचं चित्र कसं काढायचं? समाजवादी उद्योगनगरांचा सिनेमा आग आणि पोलाद यांच्यावर वाढला. पिंपरीसारखी गावं त्याच्या नजरेतून सहज निसटतात, आणि म्हणूनच ती मला जास्त मोलाची वाटतात. पिंपरीत कामगाराचं काम दाखवायचं तर त्याच्याजवळ थांबावं लागेल. त्याला विचारावं लागेल, की तू इतका वेळ नेमकं काय बघतोस?

भट्टीपुढचा कॅमेरा

ज्या नमुन्यावर जगभर उद्योगनगरं उभी राहिली ते गाव म्हणजे उरल पर्वतातलं मॅग्नितोगोर्स्क. १९२९ मध्ये ओसाड माळावर बांधकाम सुरू झालं. अमेरिकेतल्या गॅरी या पोलादनगराचा आदर्श समोर होता. तीन वर्षांनी डच चित्रकर्ता योरिस इव्हेन्स तिथे गेला आणि तरुण कामगार भट्टी कशी उभारतात यावर त्याने माहितीपट केला. संगीत हान्स आयस्लर यांचं. त्याच सुमारास झिगा व्हेर्तोव्ह दोनेत्स खोऱ्यातल्या खाणींत आणि कारखान्यांत ध्वनिमुद्रणाची अवजड यंत्रं घेऊन फिरत होता. १९३१ मध्ये आलेल्या त्याच्या ‘एन्थुझिअ‍ॅझम’ या चित्रपटात भोंगे, हातोडे, इंजिनं यांचे खरे आवाज आहेत. तोवर ध्वनिपट म्हणजे स्टुडिओतली गाणी आणि संवाद. कारखान्याचा आवाज जागेवर जाऊन पकडणं ही मोठी गोष्ट होती. चार्ली चॅप्लिनने त्याची मनापासून तारीफ केली.

या चित्रपटांत ताकद आहे, पण त्यांत माणूस मोठ्या आकड्याचा भाग होऊन येतो. इतके टन, इतके दिवस, योजना मुदतीआधी पूर्ण. या आकड्यांमागे काय घडत होतं हे सांगायला एका कथापटाला चार दशकांहून अधिक काळ थांबावं लागलं. पोलंडमध्ये क्राकूव्ह शहराच्या कडेला १९४९ पासून नोवा हुता हे पोलादनगर उभारलं गेलं. आंद्रे वायदा यांचा १९७७ चा ‘मॅन ऑफ मार्बल’ त्या गावावर आहे. चित्रपटाचं शिक्षण घेणारी एक मुलगी पदवीसाठी माहितीपट करायला निघते. विषय आहे १९५० च्या दशकातला एक गवंडी, विटा रचण्याच्या विक्रमामुळे ज्याचे संगमरवरी पुतळे झाले आणि नंतर ज्याचं नाव पुसलं गेलं. जुन्या सरकारी फिती बघता बघता तिला उमगतं, की तो विक्रम कॅमेऱ्यासाठी जुळवून आणलेला होता. चित्रकर्त्याने माणूस निवडला, साथीदार दिले, विटा हाताशी आणून ठेवल्या. गवंड्याने मात्र खरोखरच जीव तोडून काम केलं. त्याला वाटत होतं, सगळ्यांना घरं मिळायला हवीत.

या चित्रपटाची पटकथा तयार असूनही पोलंडमधल्या सरकारने दहा वर्षांहून अधिक काळ परवानगी दिली नव्हती. कारण उघड आहे. कामगाराला नायक करणारी फीत आणि कामगाराला बोलू देणारी फीत या वेगळ्या असतात, हे हा चित्रपट मोठ्याने सांगतो.

सरकारी निर्माता

आपल्याकडे काम टिपण्याची जबाबदारी १९४८ मध्ये स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनवर आली. मुंबईच्या पेडर रोडवर तिचं मुख्यालय होतं. व्यावसायिक सिनेमात निर्माता म्हणजे पैसा उभा करणारा शेठ. इथे निर्माता ही सरकारी नोकरी होती. पगार, बढती, बदली, आणि वर प्रमुख निर्माता. १९५६ ते १९६१ या काळात ते पद एझ्रा मीर यांच्याकडे होतं. प्रत्येक सिनेमागृहात मुख्य चित्रपटाआधी मान्यताप्राप्त माहितीपट किंवा वार्तापट दाखवणं सक्तीचं होतं. ही सक्ती इंग्रजांनी युद्धकाळात आणली होती, स्वतंत्र भारताने ती पुन्हा लागू केली. त्यामुळे नाना पेठेतला हमाल असो की डेक्कनवरचा प्राध्यापक, पिक्चरला गेला की धरण, कालवा आणि धुरांडं बघूनच पुढे सरकायचा. पन्नास-साठच्या दशकांतल्या भारताने स्वतःची उद्योगनगरं प्रत्यक्षात पाहण्याआधी या फितींतून पाहिली. भिलाई त्यांतलं एक. सोव्हिएत मदतीचा करार १९५५ चा, आणि पहिल्या झोतभट्टीचं उद्घाटन राष्ट्रपती राजेंद्र प्रसाद यांच्या हस्ते फेब्रुवारी १९५९ मध्ये झालं.

खासगी पोलादनगरही मागे नव्हतं. जमशेदपूरच्या टाटा स्टीलवर १९५८ मध्ये हरि दासगुप्ता यांनी माहितीपट केला. त्यासाठी काय माणसं एकत्र आली बघा: पटकथा सत्यजित राय, संगीत रविशंकर, संकलन हृषिकेश मुखर्जी, कॅमेरा फ्रान्सचे क्लोद रन्वार.

या सगळ्या फितींत एक गोष्ट समान आढळते. कामगार दिसतो, ऐकू येत नाही. बोलतो तो निवेदक. याचं एक कारण तांत्रिक आहे. चित्र आणि आवाज एकाच वेळी जागेवर टिपणारी साधनं अवजड, महाग आणि दुर्मीळ होती. दुसरं कारण कारभाराचं. एकच फीत डझनभराहून अधिक भाषांत देशभर पाठवायची असे. निवेदन असलं की भाषा बदलणं सोपं. मराठीत एक आवाज, तमिळमध्ये दुसरा, चित्र तेच. भिलाईचा छत्तीसगढी मजूर स्वतः बोलला असता तर त्याचं पुण्यात काय करणार, हा प्रश्न आला असता. म्हणून सोयीसाठी त्याचं बोलणं गेलं, आणि सोय पाहता पाहता सवय झाली.

ही सवय मोडायचे प्रयत्नही त्याच इमारतीतून झाले. साठच्या दशकाच्या मध्यावर ज्याँ भावनगरी फिल्म्स डिव्हिजनमध्ये परत आले आणि त्यांनी तरुणांना मोकळीक दिली. एस. सुखदेव यांच्या ‘इंडिया ६७’ मधून निवेदक हटला. एस. एन. एस. शास्त्री यांनी स्वातंत्र्याबरोबर जन्मलेल्या वीस वर्षांच्या मुलामुलींपुढे माईक धरला आणि त्यांना बोलू दिलं. पुण्याच्या संस्थेत शिकलेल्या मणी कौल यांनी १९८० च्या ‘अरायव्हल’ मध्ये मुंबईत येणारा माल आणि येणारा मजूर एकाच नजरेने पाहिला. ट्रकमधून भाजी उतरते, रेल्वेतून माणूस उतरतो, दोघांची रवानगी बाजाराकडे. निवेदकाचा एक शब्द नाही. सरकारच्या पैशातून इतकी थेट फीत निघू शकली, हे लक्षात ठेवायला हवं. सरकारी पैसा म्हणजे सरकारी गोडवे, असा सरसकट हिशेब मांडला तर या लोकांवर अन्याय होतो. २०२२ मध्ये फिल्म्स डिव्हिजन राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाली.

जे परत गेले

आत शिरण्यापेक्षा अवघड काय, तर पुन्हा जाणं. तीन उदाहरणं बघू.

पहिलं सोव्हिएत रशियातलं. १९३२ मध्ये अलेक्सांद्र मेदवेदकिन याने रेल्वेच्या डब्यांत स्टुडिओ थाटला. एका डब्यात फिल्म धुण्याची प्रयोगशाळा, एका डब्यात संकलन, एका डब्यात माणसांची झोपायची सोय. ही गाडी खाणीत, कारखान्यात, शेतावर जाऊन थांबायची. चित्रण करायचं, रातोरात फिल्म धुवायची आणि त्याच कामगारांना दाखवायची. कोळसा का अडकतो, जेवण इतकं वाईट का, राहायची जागा अशी का, हे पडद्यावर दिसलं की सभागृहात वाद पेटायचा. वर्षभरात अशा सुमारे सत्तर छोट्या फिती झाल्या. त्या दूरच्या प्रेक्षकांसाठी केलेल्याच नव्हत्या. ज्यांचं काम त्यांनाच दाखवायचं आणि त्यातून काम सुधारायचं, हा हेतू.

दुसरं फ्रान्समधलं. १९६७ मध्ये बेझाँसों गावातल्या कापडगिरणीत संप झाला. क्रिस मार्केर तिथे गेला, कामगारांच्या घरी बसून त्यांचं बोलणं टिपलं आणि १९६८ मध्ये फीत तयार करून त्यांना दाखवली. चर्चेत कामगारांनी त्याला धारेवर धरलं. आमचं दुःखच तेवढं दाखवलंत, आमची उमेद कुठे आहे, बायका कामगार म्हणून दिसतच नाहीत, अशा तक्रारी झाल्या. मार्केरने टीका मनावर घेतली. त्याने आणि त्याच्या साथीदारांनी कॅमेरा कामगारांच्या हाती दिला आणि तो चालवायला शिकवलं. गिरणीतल्या लोकांनी स्वतःच्या फिती करायला सुरुवात केली आणि आपल्या गटाला नाव दिलं, मेदवेदकिन गट.

तिसरं पूर्व जर्मनीतलं. विट्स्टॉक या छोट्या गावात सरकारने कपड्यांचा मोठा कारखाना काढला. कामावर बहुतेक तरुण मुली. १९७५ मध्ये फोल्कर कोएप तिथे पहिली फीत करायला गेला आणि मग जातच राहिला. १९९७ पर्यंत, बावीस वर्षांत त्याने विट्स्टॉकवर सात फिती केल्या. त्याच मुली पुन्हा पुन्हा भेटतात. आधी शिलाईयंत्रामागे बसलेल्या, वरिष्ठांशी हुज्जत घालणाऱ्या. मग त्यांची लग्नं होतात, मुलं होतात, कुणाला बढती मिळते. मग बर्लिनची भिंत पडते, देश नाहीसा होतो, कारखाना बंद पडतो आणि चाळिशी गाठत आलेल्या या बायका नोकरी शोधत फिरतात. कारखाना माणसाला काय देतो आणि बंद पडला की काय काय नेतो, याचा इतका बारकाईचा हिशेब दुसरीकडे सापडणं कठीण. तो जमला याचं कारण एवढंच, की कोएप परत येत राहिला. पहिल्या भेटीत माणसं मुलाखत देतात. दहाव्या भेटीत ती बोलायला लागतात.

पुण्याची उदाहरणं

महाराष्ट्रात कामगारांवर कॅमेरा स्थिरावला तो मुंबईच्या गिरणगावात, आणि तोही मुख्यतः गिरण्या मोडत असताना. १९८२ च्या संपानंतर बंद पडलेल्या एका गिरणीचा ताबा कामगारांनीच घेतला, त्याची नोंद आनंद पटवर्धन यांच्या १९९६ च्या ‘ऑक्युपेशन: मिल वर्कर’ मध्ये आहे. टाटा समाजविज्ञान संस्थेच्या अंजली मोंतेरो आणि के. पी. जयशंकर यांनी २००१ मध्ये ‘साचा’ केला. त्यात गिरणीचं शहर दोघांच्या डोळ्यांनी उलगडतं: कवी नारायण सुर्वे आणि चित्रकार सुधीर पटवर्धन. पटवर्धन पुण्यात शिकलेले डॉक्टर. दिवसा रुग्णांचे एक्स-रे वाचायचे आणि एरवी ठाण्याच्या रस्त्यांवरची, लोकलमधली कामकरी माणसं रंगवायची, असं त्यांचं आयुष्य. पुण्याच्याच संस्थेत शिकलेल्या अरुण खोपकर यांनी सुर्व्यांवर स्वतंत्र माहितीपट केला. त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

पुण्याचं स्वतःचं उदाहरण मात्र कारखान्यातलं नाही, कचऱ्याच्या ढिगावरचं आहे. नाट्यकर्मी अतुल पेठे यांनी पुणे महानगरपालिकेच्या सफाई कामगारांवर ‘कचराकोंडी’ हा माहितीपट केला. पालिका कामगार युनियन आणि तिच्या नेत्या मुक्ता मनोहर यांची साथ त्यामागे होती. सफाई कामगारांच्या वस्त्यांत आणि कामाच्या जागी वर्षानुवर्षं वावरलेली ही युनियन. त्यामुळे कॅमेऱ्याला दार आतून उघडलं गेलं.

यातला फरक नीट पाहा. ल्युमिएरच्या फितीत कॅमेरा मालकाचा होता. फिल्म्स डिव्हिजनमध्ये सरकारचा. इथे तो कामगारांच्या संघटनेने बोलावलेला होता. आणि पालिकेचा सफाई कामगार हा सार्वजनिक क्षेत्राचाच माणूस. पिंपरीचा माणूस शहराला औषध पुरवत होता, हा माणूस शहर आजारी पडू नये म्हणून मैल्यात उतरतो. एकाचं काम बंद टाकीत लपलेलं, दुसऱ्याचं भल्या पहाटेच्या अंधारात. दोघांचं काम नीट झालं की ते कुणाच्या लक्षातच येत नाही.

पेठे फीत संपवून निघून गेले नाहीत. २०१२ मध्ये गोविंद पुरुषोत्तम देशपांडे यांचं जोतीराव फुल्यांवरचं ‘सत्यशोधक’ हे नाटक त्यांनी याच युनियनमधल्या कामगारांना घेऊन उभं केलं. झाडू मारणारी माणसं रंगमंचावर फुल्यांचे शब्द बोलली. बेझाँसोंमध्ये कामगारांच्या हाती कॅमेरा गेला, पुण्यात रंगमंच गेला. पुन्हा जाण्याचं फळ काय असतं ते यातून कळतं.

अजून वेळ आहे

पिंपरीकडे परत येऊ. १९६२ नंतर औद्योगिक वसाहत वाढली, मोटारींचे आणि स्कूटरचे कारखाने आले. नदीपलीकडचं शांत गाव पाहता पाहता १९८२ मध्ये पिंपरी-चिंचवड महानगरपालिका झालं. ज्या सरकारी कारखान्याने सुरुवात केली त्याचे दिवस मात्र फिरले. खुल्या बाजारात परदेशी स्वस्त पेनिसिलिनपुढे टिकाव लागेना आणि कंपनी आजारी उद्योगांत गेली. कारखाना डबघाईला आला की आधी पगार लांबतो, मग कॉलनीतल्या भिंतींचा रंग जातो, मग मुलं दुसरीकडे राहायला जातात.

पण कारखाना म्हणजे नुसत्या इमारती नव्हेत. तिथे एक ज्ञान होतं आणि ते माणसांच्या अंगात होतं. टाकीच्या आवाजातला बदल ओळखणारा कान, बॅच बिघडत चालली की प्रयोगशाळेचा निकाल येण्याआधी शंका घेणारं नाक, रात्रपाळीला पहाटे तीन-चारच्या सुमारास जड होणाऱ्या पापण्या उघड्या ठेवण्याची हातोटी. हे कंपनीच्या कुठल्याही ताळेबंदात येत नाही. असं काम केलेली माणसं आज सत्तरी-ऐंशीत आहेत. मॅग्नितोगोर्स्कला जाऊन भट्टी टिपायला इव्हेन्सला अर्धं जग ओलांडावं लागलं. आपल्याला शिवाजीनगरहून लोकल पकडायची आहे. खिशातल्या मोबाइलला आज चित्र आणि आवाज दोन्ही एकदम टिपता येतात. निवेदकाच्या आवाजाची तांत्रिक सबब संपली.

आत गेलेल्या चित्रकर्त्यांच्या अनुभवातून मला कामाचे तीन नियम दिसतात. पहिला, काम काय होतं ते आधी समजून घ्यायचं. पेनिसिलिन कसं बनतं हे ज्याला ठाऊक नाही त्याला काट्याकडे बघणारा माणूस रिकामा बसलेला वाटेल. दुसरा, पुन्हा जायचं. तिसरा, जे टिपलं ते आधी त्यांनाच दाखवायचं आणि ते रागावले तर ऐकून घ्यायचं.

सुरुवात मोठ्या प्रश्नाने करू नये. समाजवादाचं काय झालं, असं विचारलं तर माणूस वर्तमानपत्रात वाचलेलं सांगेल. पहिला प्रश्न साधा असावा: “काका, पहिल्या पाळीला घरातून किती वाजता निघायचात?” मग पहाटेचा चहा येईल, सायकल येईल, थंडीतला रेल्वेफाटकापर्यंतचा रस्ता येईल, कपडे बदलायची खोली येईल, रात्रपाळीच्या माणसाने हातात दिलेली वही येईल. आणि “काकू, तुम्ही तेव्हा काय करत असायचात?” हेही विचारावं. कारण पाळीच्या घड्याळावर अख्खं घर चालायचं. रात्रपाळीहून आलेला माणूस झोपला की दिवसभर पोरांना गप्प ठेवण्याचं काम कुणीतरी करत होतंच.

आणि फीत तयार झाली की पहिला खेळ एचए मैदानावर, दोन बांबूंना पांढरा पडदा बांधून. ज्यांनी आयुष्यभर काटे बघितले ती माणसं खुर्च्यांवर बसतील आणि या वेळी स्वतःला बघतील. कुणीतरी उठून म्हणेल, “हे चुकलंय. ती झडप डावीकडे होती.” तिथून पुढे खरं चित्रण सुरू होईल.